ग्रीक देवळं पाहायची आहेत: अथेन्स, पेस्तुम की सिसिली?

ग्रीक देऊळ म्हटलं की पार्थेनॉन आठवतं आणि तिकीट अथेन्सचंच निघतं. त्यात चूक काही नाही. पण इ.स.पू. आठव्या शतकापासून ग्रीकांनी दक्षिण इटली आणि सिसिलीच्या किनाऱ्यावर गावंच्या गावं वसवली, आणि तिथे त्यांनी बांधलेली देवळं मूळ देशातल्या बहुतेक देवळांपेक्षा चांगली टिकली. शेंगेन व्हिसा दोन्हीकडे चालतो. तेव्हा हाताशी चार-पाच दिवस असतील आणि एकच ठिकाण निवडायचं असेल, तर प्रश्न खरा आहे.

माझं मत आधीच सांगून टाकते. डोरिक देऊळ (साध्या माथ्याच्या जाड खांबांची ग्रीक शैली) म्हणजे नेमकं काय, हे समजून घ्यायचं असेल तर नेपल्सच्या दक्षिणेचं पेस्तुम. ते समजलेलं असेल आणि त्याची परमावधी पाहायची असेल तर अथेन्स. देऊळ उभं कसं राहतं आणि कोसळतं कसं, यात रस असेल तर सिसिली. पहिल्यांदाच जाणाऱ्याला मी डोळे झाकून पेस्तुमला पाठवीन.

निवड करण्याआधी एक गोष्ट लक्षात ठेवा. ग्रीक देवळाच्या गाभाऱ्यात मूर्ती असे, पण सार्वजनिक पूजा बाहेर होई. वेदी सहसा पूर्वेला, उघड्यावर; बळी तिथेच दिला जाई. चारी बाजूंनी खांबांची ओळ, तिच्यावर तुळया, वरच्या पट्टीवर शिल्पं: सगळा थाट बाहेरून पाहण्यासाठी. त्यामुळे ‘आत सोडत नाहीत’ ही तक्रार वाटते तेवढी मोठी नाही. तरीही आत जाता आलं तर रचना पटकन कळते, आणि इथेच पेस्तुम बाजी मारतं.

नेपल्सहून साध्या लोकल गाडीने सव्वा-दीड तास. स्टेशनवरून चालत निघालं की जुन्या तटबंदीच्या दरवाज्यातून सरळ आत. दक्षिण इटलीतल्याच सिबारिस शहरातल्या ग्रीकांनी इ.स.पू. 600च्या सुमारास हे गाव वसवलं तेव्हा त्याचं नाव पोसेडोनिया होतं. पुढे दक्षिण इटलीतलेच लुकानी लोक आले, इ.स.पू. 273मध्ये रोमनांनी वसाहत केली आणि नाव पेस्तुम झालं. नंतर जमीन दलदलीची झाली, मलेरिया आला, लोक डोंगरावर राहायला गेले. दगड पळवायला फारसं कोणी उरलं नाही आणि देवळं वाचली.

देवळं तीन, आणि शंभरेक वर्षांच्या टप्प्यातली. हेच या जागेचं मोठेपण. पहिलं हेराचं, इ.स.पू. 550च्या आसपासचं. समोर नऊ खांब, बाजूला अठरा. नऊ म्हणजे विषम, म्हणजे बरोबर मध्यभागी खांब. आतही गाभाऱ्याच्या मधोमध खांबांची एक रांग, छपराचा आढा पेलायला. दाराच्या सरळ रेषेत मूर्ती ठेवायची सोयच नाही. अठराव्या शतकातल्या अभ्यासकांना हे देऊळ वाटेचना, म्हणून त्यांनी त्याला ‘बॅसिलिका’ (रोमनांचं सार्वजनिक सभागृह) म्हटलं आणि ते नाव अजून चिकटलेलं आहे. खांब मध्यावर चांगलेच फुगलेले, वर एकदम निमुळते, आणि त्यांच्या माथ्यावरची बैठक थालीपीठ थापावं तशी चपटी आणि रुंद.

तिथून काही पावलांवर दुसरं देऊळ, इ.स.पू. 460-450चं. याला नेपच्यूनचं म्हणतात, बहुतेक अभ्यासक हेराचं मानतात. इथे समोर सहा खांब, बाजूला चौदा. फुगवटा आवरलेला, माथ्याची बैठक आखडून ताठ झालेली. मधली रांग गेली आणि तिच्याजागी गाभाऱ्यात दोन्ही बाजूंना दुमजली खांब आले: खाली जाड, वर बारीक. हे दुमजली खांब आजही जागेवर उभे आहेत, जे पार्थेनॉनमध्ये दिसत नाही. खांबावरच्या उभ्या खाचा मोजा. नेहमीच्या डोरिक खांबाला वीस असतात, इथे बाहेरच्या खांबांना चोवीस आहेत. खांब जाड होता, खाचा वाढवल्या की तो नजरेला हलका वाटतो. दोन देवळांच्या मध्ये उभं राहून आलटून पालटून पाहिलं की स्थापत्याच्या पुस्तकातली दोन प्रकरणं आपोआप वाचून होतात.

तिसरं अथेनाचं, उत्तरेला, इ.स.पू. 500च्या सुमाराचं. बाहेर डोरिक आणि पुढच्या मंडपात आयोनिक (माथ्याला वेटोळी असलेले) खांब, असं मिश्रण करणारं हे फार लवकरचं उदाहरण. मंडपाचे खांब आता नाहीत, माथे संग्रहालयात आहेत.

जर्मन कवी गटे 1787मध्ये इथे आला तेव्हा हे बुटके, खेटून उभे असलेले खांब त्याच्या अंगावरच आले. तासाभरात नजर रुळली, असं त्यानेच लिहून ठेवलंय. तुमचंही तसंच होईल, म्हणून लगेच फोटो काढून पळू नका. संग्रहालयात 1968मध्ये सापडलेली ‘सूर मारणाऱ्याची कबर’ आहे: इ.स.पू. पाचव्या शतकाच्या पूर्वार्धातली, झाकणाच्या आतल्या बाजूला पाण्यात सूर मारणारा माणूस रंगवलेला. एवढ्या एका चित्रासाठीही लोक येतात.

आता अथेन्स. अक्रोपोलिस टेकडीवरच्या पार्थेनॉनची बांधणी इ.स.पू. 447 ते 438, शिल्पं 432पर्यंत. वास्तुकार इक्टिनोस आणि कॅलिक्राटेस, शिल्पांची देखरेख फिडियासकडे. दगड पेंटेली डोंगराचा संगमरवर, आणि हा फरक मोठा आहे. पेस्तुम आणि सिसिलीत स्थानिक चुनखडी. ती खडबडीत, म्हणून तिच्यावर पांढरा गिलावा चढवून रंग दिलेला असे. आपण ज्या मधाळ सोनेरी दगडावर भाळतो तो ग्रीकांनी झाकलेला होता! संगमरवराला तसल्या लेपाची गरज नव्हती, त्यात सांधे केसाएवढे बारीक बसवता येत.

पार्थेनॉनला समोर आठ आणि बाजूला सतरा खांब. खरी मजा मात्र सरळ दिसणाऱ्या, पण सरळ नसलेल्या रेषांत आहे. जोत्याच्या वरच्या पायरीच्या कोपऱ्यातून तिच्या लांबीकडे नजर टाका. साडेएकोणसत्तर मीटरच्या बाजूला मधला भाग टोकांपेक्षा सुमारे 11 सेंटिमीटर उंच आहे, समोरच्या बाजूला सुमारे 6. खांब किंचित आत कललेले, कोपऱ्यातले थोडे जाड आणि शेजाऱ्याला जास्त खेटलेले. म्हणजे जवळजवळ प्रत्येक दगड वेगळ्या मापाचा. 1840च्या दशकात फ्रान्सिस पेनरोझ या इंग्रज वास्तुकाराने हे बारकाईने मोजलं. हे असं का केलं, यावर वाद आजही संपलेला नाही: पाणी निचरा व्हावं म्हणून, नजरेचा भास दुरुस्त करायला, की इमारत जिवंत वाटावी म्हणून.

पण हे दिसायला डोळा तयार लागतो. तो नसेल तर उन्हात, गर्दीत, दोरीच्या अलीकडून एक पडकी इमारत पाहिल्यासारखं होतं. पडकी तरी का? 26 सप्टेंबर 1687ला व्हेनिसच्या तोफेचा गोळा आत साठवलेल्या तुर्की दारूगोळ्यावर पडला. त्यानंतर ब्रिटिश राजदूत एल्गिनने शिल्पं उतरवली आणि 1816मध्ये ती ब्रिटिश म्युझियमकडे गेली. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला निकोलाओस बालानोसने डागडुजी केली, ती वेगळ्याच तऱ्हेने अंगाशी आली. प्राचीन कारागीर दगडांना जोडणाऱ्या लोखंडी पकडींवर शिसं ओतत, त्यामुळे हवा-पाणी लागत नसे. हेमाडपंती देवळांसारखंच इथेही दगडांत चुना नाही, फक्त इथे पकडी आहेत. बालानोसने साधं लोखंड वापरलं. ते गंजलं, फुगलं आणि त्याने संगमरवर फोडला. 1975मध्ये समिती नेमल्यापासून ते लोखंड काढून टायटॅनियम बसवणं आणि चुकीच्या जागी गेलेले दगड मूळ जागी आणणं सुरू आहे. त्यामुळे परांची आणि क्रेन दिसली तर चिडू नका, तेही पाहण्यासारखंच आहे.

अथेन्सला गेलात तर दोन गोष्टी टाळू नका. एक, 2009मध्ये उघडलेलं अक्रोपोलिस संग्रहालय. वरचा मजला पार्थेनॉनच्याच दिशेला वळवून बांधलाय आणि शिल्पपट्टी मूळ क्रमाने लावलीय, लंडनला गेलेल्या तुकड्यांच्या जागी पांढऱ्या प्रतिकृती. दोन, खाली अगोरातलं (जुन्या बाजारचौकातलं) हेफायस्टोसचं देऊळ. ते चर्च झालं म्हणून जवळपास अख्खं टिकलं, आणि तिथे गर्दी कमी. वरच्या टेकडीवर दिवसाला वीस हजारांची मर्यादा आहे आणि वेळ ठरवून तिकीट काढावं लागतं, कडक उन्हाळ्यात दुपारी बंदही ठेवतात. जुलै-ऑगस्ट टाळलेलाच बरा.

सिसिलीत एक नाही, तीन ठिकाणं आहेत. अग्रिजेंतो सगळ्यांना माहीत असतं: ‘देवळांची दरी’ म्हणतात, प्रत्यक्षात ती कड्यावरची ओळ आहे. तिथलं कॉन्कॉर्डियाचं देऊळ इ.स.पू. 440-430चं, इसवी सनाच्या सहाव्या शतकाच्या अखेरीस त्याचं चर्च झालं आणि गाभाऱ्याच्या भिंतींत कमानी कापल्या गेल्या, त्या आजही दिसतात. फोटोसाठी याच्या तोडीचं दुसरं नाही. पण तिथे माझा वेळ जातो ऑलिंपियन झ्यूसच्या ढिगाऱ्यात. शंभर मीटरहून लांब असलेलं हे देऊळ कधी पूर्ण झालंच नाही, इ.स.पू. 406मध्ये उत्तर आफ्रिकेतल्या कार्थेजने शहर पाडलं आणि अठराव्या शतकात त्याचे दगड बंदर बांधायला गेले. पडलेल्या दगडांवर इंग्रजी यू अक्षरासारख्या खोल खाचा दिसतात: उचलण्याचे दोर त्यांतून ओवत. भार पेलणारा साडेसात मीटरहून उंच दगडी पुरुष संग्रहालयात उभा आहे. उलट डायोस्कुरी या जुळ्या देवांच्या देवळाचा पोस्टकार्डावरचा तो चार खांबांचा कोपरा एकोणिसाव्या शतकात वेगवेगळे तुकडे जमवून उभा केलाय. देखणा आहे, पण पुरावा म्हणून पाहू नका.

सेजेस्ताचं देऊळ मधेच थांबलेलं: खांबांना खाचा नाहीत, पायऱ्यांच्या दगडांवर उचलण्यासाठी ठेवलेले उंचवटे तसेच. सेलिनुन्ते मात्र मनात घर करतं. देव कोणता हे बहुतेकांचं नक्की ठरत नाही म्हणून देवळांना अक्षरं दिलीत: ए, सी, ई, जी. जी तर डोंगराएवढा ढिगारा. ई 1950च्या दशकात पुन्हा उभं केलं, काँक्रीट वापरून, आणि त्यावर पुरातत्त्ववाले अजून नाकं मुरडतात. सेलिनुन्तेपासून काही किलोमीटरवर कूझाची खाण आहे. इ.स.पू. 409मध्ये शहर पडलं तेव्हा काम थांबलं. खांबांचे गोल तुकडे अर्धवट कोरलेले, खडकालाच चिकटलेले आहेत. भोवती माणूस शिरेल एवढी चर खणलेली दिसते. देऊळ कसं बांधत, याचं इतकं उघड उत्तर मला दुसरीकडे मिळालेलं नाही.

सिसिलीला गाडी हवीच. आंतरराष्ट्रीय परवाना काढून चालवणार असाल तर तिन्ही जागा जमतात. बस-रेल्वेवर असाल तर अग्रिजेंतोत मुक्काम करा, सेलिनुन्ते आणि कूझाचा नाद सोडा. आई-बाबा बरोबर असतील तर पेस्तुम सपाट, गुडघ्यांना त्रास नाही. अक्रोपोलिसवर चाकाच्या खुर्चीसाठी लिफ्ट आहे, पण संगमरवर पायाखाली चांगलाच घसरतो. अग्रिजेंतोत हेराच्या देवळाकडच्या वरच्या दाराने शिरा आणि उतरत या, उलटं करू नका.