डेथ कॅफे: मरणाची भीती वाटते त्यांनी एकदा बसून बघाच
रात्री झोप लागता लागता 'आपण एक दिवस नसणार' या विचाराने ज्यांच्या छातीत धस्स होतं त्यांच्यासाठी लिहितेय. इथे अनोळखी लोक जमून फक्त मृत्यूबद्दल बोलतात, बास. २०११ मध्ये लंडनला जॉन अंडरवूड यांनी सुरू केलं, मूळ कल्पना स्विस समाजशास्त्रज्ञ बर्नार्ड क्रेटाझ यांची. मी ऑनलाइनवाल्याला बसले. सगळ्यात आवडलं ते हे की कोणी काही पटवायला येत नाही, आत्मा म्हणा, पुनर्जन्म म्हणा, नाहीतर काहीच नाही म्हणा, ज्याला जे वाटतं ते बोलतो, आणि शेवटी कुठला कोर्स गळ्यात मारत नाहीत, तसा त्यांचा नियमच आहे. कुणाला मरणापेक्षा वेदनेची भीती, कुणाला मागे राहणाऱ्या मुलांची काळजी, आणि ऐकता ऐकता कळलं की मला खरं तर पुढचं माहीत नसण्याची भीती आहे, आणि ते तर तिथे कोणालाच माहीत नव्हतं तरी सगळे किती शांतपणे बोलत होते!! भीती पूर्ण गेली असं नाही, पण आता आली की मी विषय बदलत नाही, बसू देते. फक्त घरातलं कोणी नुकतंच गेलं असेल तर आधी समुपदेशकाकडे जा, हे त्यासाठी नाहीये. माझ्याकडून पाच स्टार.