जयश्री गडकरांचा साज : इरकली नऊवारी, ठुशी आणि बुगडी, आठ महिने वापरून

गुढीपाडव्याला पहिल्यांदा स्वतःच्या हातानं नऊवारी नेसले, तेव्हा डोळ्यांपुढे जयश्री गडकरच होत्या. १९५९ च्या ‘सांगत्ये ऐका’मध्ये बुगडीच्या लावणीवर नाचणाऱ्या. तेव्हापासून दिवाळीपर्यंत सणावाराला, दोन लग्नांत आणि कितीतरी रविवारी घरीसुद्धा हाच साज केला. एवढ्या वापरानंतर माझं मत पक्कं झालंय: या साजाची सगळी शोभा तो अंगाला घट्ट बसण्यात आहे. ठुशी गळ्यालगत, बुगडी कानाला धरून, काष्टा कसलेला. म्हणून त्यात नाचता येतं, आणि पुरणही वाटता येतं.

सिनेमा कृष्णधवल, त्यामुळे रंगाची नक्कल करायचा प्रश्नच नव्हता. मी काठ आणि पोत बघून इरकल घेतली. अंग सुती, पदर लाल रेशमी. इरकलीत अंगाचा आणि पदराचा ताणा (उभे धागे) वेगळा असतो आणि दोन्ही एकमेकांत फासे अडकवून जोडतात, त्याला टोपे तेनी म्हणतात. पहिल्याच महिन्यात मी नेमकी त्या जोडावर पिन लावली आणि धागा ओढला गेला. आता पिन चार बोटं वर, चोळीच्या शिवणीवर.

सव्वाआठ मीटर कापड कमरेला सांभाळायचं म्हणजे सगळा भार पहिल्या गाठीवर. कोरी साडी खळीमुळे निसटायची. दोन धुण्यांनंतर कापड मऊ पडलं आणि गाठ बसायला लागली. आत्यानं एक गोष्ट शिकवली: काष्टा खोचला की लगेच एकदा खाली मांडी घालून बसायचं, जिथं ओढ बसते तिथं तेव्हाच सैल करायचं. हे केल्यापासून दिवसभरात पुन्हा हात लावावा लागत नाही. शिवलेली नऊवारीही घेऊन पाहिली. पाच मिनिटांत चढते, पण मांडीवर फुगा राहतो आणि ओचा, म्हणजे पुढे खोचलेल्या निऱ्या, नावापुरता. दोनदा घातली, मग कपाटात.

ठुशीनं मला सगळ्यात जास्त शिकवलं. पहिली साध्या पॉलिशची होती. पावसाळ्यात घामानं मानेकडचे मणी काळे पडले, आणि मण्यांची मागची कड इतकी खरखरीत की मानेवर लाल रेघ उठायची. मग चांदीवर सोन्याचं पाणी दिलेली घेतली आणि दागिने ओवणाऱ्या पटवेकऱ्याकडून दोरा नव्यानं ओवून घेतला. गळा आणि ठुशी यांत एक बोट जाईल एवढंच अंतर ठेवते. त्याहून सैल सोडली की मणी उलटे फिरतात. अत्तर आधी लावायचं, ठुशी शेवटी. काढल्यावर कोरड्या मलमलीनं पुसायची. नथीच्या मोत्यांनाही हेच.

बुगडीचं मात्र मनाला लागलं. माझा कान वर टोचलेला नव्हता, म्हणून दाबाच्या बुगड्या घेतल्या. दोन तासांत कान ठणकायचा. वैशाखातल्या लग्नात डोक्यावर पदर घेताना एक अडकून पडली, ती मिळालीच नाही. त्या रात्री खूप हळहळले आणि आठवड्याभरात कान टोचून घेतले. वरच्या कानात कूर्चा असते, भरायला महिने लागतात. मला जवळजवळ पाच लागले. दिवाळीत फिरकीची मोत्यांची बुगडी घातली. पहाटेच्या अभ्यंगानंतर घातलेली रात्री काढली, मधे आठवणसुद्धा झाली नाही की कानात काही आहे. आरशात मान वळवली तेव्हा कानाच्या कडेला तो मोत्यांचा झुबका पाहून डोळे भरून आले.

कुणाला हा साज सुरू करायचा असेल तर आधी सुती अंगाची साडी घ्या, दोनदा धुवा. मग बरी ठुशी. बुगडी शेवटी, कान नीट भरल्यावर.