जुन्या चित्रपटगीतांसाठी ॲपल म्युझिकचं लॉसलेस: वायर असेल तरच

हलगी वाजवणाऱ्याचा कान आधी ठेक्याकडे जातो. माझाही जातो. म्हणून ॲपल म्युझिक या गाण्यांच्या ॲपवर लॉसलेस, म्हणजे आवाजातलं काहीही न गाळता गाणं ऐकवणारी सोय, सुरू केल्यावर पहिल्यांदा लावलं ‘जैत रे जैत’. १९७७चा चित्रपट, शब्द कवी ना. धों. महानोरांचे, संगीत हृदयनाथ मंगेशकरांचं, आणि दिग्दर्शक आपल्या सोलापुरात शाळा शिकलेले जब्बार पटेल.

‘मी रात टाकली’ वर्षानुवर्षं एमपी३वर ऐकलं होतं. त्यात लता मंगेशकर, सोबतचे गळे आणि ताल यांचा एकच गोळा व्हायचा. आता सगळे गळे वेगळे कळतात. थाप नेमकी कुठे पडली ते कळतं, आणि मागून घुमारा विरत जातो तोही शेवटपर्यंत ऐकू येतो. आकार लहान करायला फाइल फार दाबली की आधी मार बसतो तो अशा झटकन उठणाऱ्या आवाजांना: थाप, टाळ, घुंगरू. मग लावणी ऐकायची तरी कशी? ‘पिंजरा’ (१९७२, संगीत राम कदम) लॉसलेसमध्ये ऐकून बघा, ढोलकीची शाई (उंच आवाजाची बाजू) आणि धुम (खर्जाची बाजू) वेगवेगळी बोलतात.

ही सोय २०२१पासून आहे, वेगळे पैसे नाहीत. सेटिंगमध्ये ऑडिओ क्वालिटीत जाऊन ती चालू करावी लागते. तीन मिनिटांचं गाणं ६ एमबीऐवजी साधारण ३६ एमबी होतं, तेव्हा वायफायवर उतरवून ठेवा. हाय-रेझ, म्हणजे लॉसलेसच्याही वरची पातळी, तिच्या १४५ एमबीच्या नादी मी लागत नाही. जुन्या टेपला सीडीची पातळी भरपूर झाली.

ब्लूटूथवर मात्र हे सगळं वाया जातं, कारण तिथे आवाज पुन्हा दाबूनच पाठवला जातो. सोलापुरातल्या नव्या पेठेतून साधा वायरचा हेडफोन आणा. आणि मे महिन्यात पहाटे ऐका. दुपारी पंखा बंद करणं सोलापुरात शक्य नाही आणि त्याच्या घरघरीत घुमारा बुडतो.

गाणं शोधताना ‘झंकार बीट्स’ लिहिलेलं दिसलं तर पुढे सरका. मूळ तालावर नंतर चढवलेला तो ठोका लॉसलेसमध्ये आणखीच टोचतो. मूळ चित्रपटाचा अल्बम उघडा, मोनो (दोन्ही कानांत एकच आवाज) असला तरी चालेल.