शिकागो विद्यापीठाची शब्दकोशांची साइट, वर्षभर वापरून झाल्यावर

मला कॉलेजपासून वाटत आलंय की भाषेचा असा एक विषय पाहिजे होता ज्यात काळ, स्वप्न आणि वास्तव तिन्ही एकत्र घेता आले असते, म्हणजे सातशे वर्षांपूर्वीचा माणूस सकाळी जागा झाला की त्याला काय म्हणायचा, स्वप्नात कोणी बोललं तर ते कुठल्या मराठीत, आणि तो शब्द आज आपल्या तोंडात कुठल्या अर्थाने उरलाय. तसा विषय काही कोणी काढला नाही, पण त्याची प्रयोगशाळा म्हणावी अशी गोष्ट चक्क फुकट मिळते, डिजिटल डिक्शनरीज ऑफ साउथ एशिया. लॉगिन नाही, पैसे नाहीत. मराठीचे पाच कोश आहेत त्यात, मोल्सवर्थचा 1857 चा, दाते-कर्व्यांचा महाराष्ट्र शब्दकोश, वझेंचा, बर्नसन बाईंचा आणि माझा सगळ्यात लाडका, तुळपुळे-फेल्डहाउस यांचा जुन्या मराठीचा. तुळपुळे 1994 ला गेले आणि हा कोश 1999 ला आला, फेल्डहाउस बाईंनी तो तडीस नेला, नुसतं हे आठवलं तरी मला भरून येतं.

आता मी कशी अडकले ते सांगते. बाबा रोज रात्री ज्ञानेश्वरीच्या पाच ओव्या मोठ्याने वाचतात, दुसऱ्या अध्यायात आलं, "जैसें स्वप्नामाजि देखिजे । तें स्वप्नींचि साच आपजे । मग चेऊनियां पाहिजे । तंव कांहीं नाहीं". स्वप्नात दिसतं ते स्वप्नापुरतं खरं वाटतं, इथपर्यंत कळलं, पण चेऊनियां? मला चेव म्हटलं की चेव येणे एवढंच माहीत, मारामारीत येतो तो. मग त्वेषाने बघायचं का काय? साइटवर "चेऊनियां" टाकलं, काहीच नाही. कोशात मूळ रूप असतं, त्यातून जुने कोश म्हणजे शेवटी अनुस्वार पाहिजे, 1962 च्या शुद्धलेखनाच्या नियमांनी आपले ते अनुस्वार काढून टाकले म्हणून आपल्याला ते सुचतच नाहीत. "चेवणें" टाकलं आणि उलगडलं, जुन्या मराठीत चेवणे म्हणजे जागं होणं! चेऊनियां पाहिजे म्हणजे जागं होऊन बघावं. आणि मग आपला तो चेव पण वेगळा दिसायला लागला, आत झोपलेलं काहीतरी जागं होतं तोच चेव. शब्द तोच, ज्ञानोबांकडे माणूस जागा व्हायचा, आपल्याकडे राग जागा होतो. मी बाबांना म्हटलं थांबा थांबा, परत वाचा ती ओवी, आणि त्यांनी तीनदा वाचली.

त्यानंतर तुकोबांचा तो अभंग, "नामदेवें केलें स्वप्नामाजी जागें । सवें पांडुरंगें येऊनियां", हा काढून बसलो दोघं. विचार करा, नामदेव गेले 1350 ला, तुकोबा सतराव्या शतकातले, मधे तीनशे वर्षं, आणि भेट कुठे तर स्वप्नात, आणि तिथे येऊन काम काय सांगितलं तर कविता कर, "वाउगें निमित्य बोलों नये". वाउगं म्हणजे व्यर्थ, फुकटचं, हा शब्द आता बोलण्यातून जवळपास गेलाच. झोपेत जागं केलं हे वाक्य इतर कुठल्या विषयात बसेल सांगा. संत बहिणाबाईंना पण तुकोबांचा उपदेश स्वप्नातच झाला. आपल्या भाषेचं कितीतरी काम स्वप्नातच झालंय आणि आपण त्याच्याकडे नुसतं चमत्कार म्हणून बघतो, शब्द म्हणून बघतच नाही, याचं मला खरंच वाईट वाटतं.

वापरणाऱ्यांसाठी दोन गोष्टी. मोल्सवर्थमधला अर्थ इंग्रजीत आहे आणि ते इंग्रजी पण दीडशे वर्षांपूर्वीचं, तेव्हा मराठीतून मराठी पाहिजे असेल तर सरळ दात्यांकडे जा. पण मोल्सवर्थ सोडू नका, शब्द संस्कृत, अरबी, फारसी कुठून आला ते तो कंसात एका अक्षरात देतो आणि शब्द कोकणातला असला की तेही सांगतो, त्या एका अक्षरासाठी मी दहा मिनिटं घालवलेली आहेत. ज्ञानेश्वरी, लीळाचरित्र असलं काही वाचताना मात्र आधी तुळपुळे.

छापील घ्यावा का? मी एका जुन्या पुस्तकांच्या दुकानातून मोल्सवर्थ आणला होता, घरी येऊन बघते तर मधली बारा पानं गायब. तरी कागदावर एक शब्द शोधताना शेजारचे चार दिसतात ती मजा वेगळीच, जमेल त्याने नीट पानं मोजून घ्यावा. रोजच्याला साइट.

पाचपैकी पाच देते. काल रात्री बाबांनी "निदसुरा" दिलाय, तो अजून बघायचाय.