मॉनिटरवरचा दिवा, दहा महिन्यांनी: डोळे निवले, डोकं तापलं

मॉनिटरच्या माथ्यावर अडकवायचा लांबट एलईडी दिवा कसा असतो हे तुम्हाला माहीत असेलच, त्यामुळे वॅट-लुमेन सांगत बसत नाही. मला १,८९० रुपयांना पडला. कंपनीचं नाव लिहीत नाही, भांडण अजून मिटलेलं नाही.

मी बेळगावात, शहापूरला घरीच डीटीपी करते. लग्नपत्रिका, सोसायट्यांचे अहवाल, निम्मं मराठी, निम्मं कन्नड. गेल्या नोव्हेंबरात तुळशीचं लग्न लागलं आणि पत्रिकांची रांग लागली. एका पत्रिकेत ‘चि. सौ. कां.’मधल्या ‘कां’वरचा अनुस्वार उडाला. मी तीनदा प्रूफ वाचलं होतं. नवरीच्या आजोबांनी पत्रिका हातात घेतल्या घेतल्या त्यावर बोट ठेवलं. चारशे पत्रिका पदरच्या पैशानं परत छापल्या आणि त्याच रात्री दिवा मागवला.

पहिले तीन महिने मी येईल त्याला हा दिवा दाखवायची. गिऱ्हाईक मजकूर देतं तो वहीच्या कागदावर, बॉलपेननं खरडलेला. कागद डावीकडे, स्क्रीन समोर. आमची खोली मधली, दिवसाही अंधारी. नजर उजळ स्क्रीनवरून अंधाऱ्या कागदावर, पुन्हा स्क्रीनवर, असं दिवसभर हेलपाटे घालायची. ह्या दिव्याचा उजेड तिरका, थेट टेबलावर पडतो, काचेवर चमक येत नाही. कागद आणि स्क्रीन सारखे उजळ दिसायला लागले. पाठीमागची ट्यूबलाईट स्क्रीनमध्ये दिसायची, तीही बंद केली. कन्नडातली ओत्तक्षरं, म्हणजे मुख्य अक्षराच्या पायाशी चिकटलेली ती बारकी पिल्लं, आठ पॉइंटातही वेगवेगळी कळायला लागली. तेव्हा विचारलं असतं तर पाचपैकी पाच दिले असते.

आता दोष. ह्या दिव्याला आठवण नाही. वीज जाऊन आली की तो कालचं सगळं विसरतो आणि ऑपरेशन थिएटरसारखा पांढराफटक, पूर्ण ताकदीनं पेटतो. मग दोन टिचक्या मारून रंग पिवळसर करा, बोट दाबून धरून उजेड उतरवा, तो जास्तच उतरला की पुन्हा चढवा. जून-जुलैत बेळगावचा पाऊस कसा असतो आणि त्यात वीज किती वेळा डोळा मारते हे इथल्यांना सांगायला नको. एका दिवशी मी मोजलं, अकरा वेळा. कॉम्प्युटर यूपीएसवर शांत, आणि हा अकरा वेळा तोंडावर टॉर्च मारतो. पावणेदोन-दोन हजाराच्या वस्तूत एवढी अक्कल घालता येत नाही? माझ्या दीडशे रुपयांच्या गजराच्या घड्याळालाही वेळ लक्षात राहते.

लेक म्हणाली, ‘‘आई, भिंतीतल्या चार्जरला कशाला लावतेस? सीपीयूला लाव ना, तो यूपीएसवरच आहे.’’ बरोबर होतं. पण वायर वीतभर कमी पडत होती म्हणून तर मी ती भिंतीला लावली होती! खडेबाजारातून १२० रुपयांची जोडवायर आणली. आता दिवसातून एकदाच, सकाळी, दिव्याची शिकवणी घ्यावी लागते. ते १२० रुपये मी दिव्याच्या किमतीतच धरते.

मध्येच एक कबुली. मार्चमध्ये डोळे पुन्हा चुरचुरायला लागले, मान धरली, आणि मी सगळा राग दिव्यावर काढला. डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंनी दिव्याबद्दल विचारलंच नाही. विचारलं ते, पंखा कुठे आहे, चष्मा कुठला आणि स्क्रीन किती लांब. घरी येऊन शिवणकामाच्या टेपनं मोजलं, नाकापासून काचेपर्यंत ६२ सेंटिमीटर. माझा चष्मा प्रोग्रेसिव्ह, म्हणजे एकाच काचेत वर लांबचा नंबर, वाचायचा तळाशी. म्हणजे स्क्रीन दिसायला मी दिवसभर हनुवटी वर करून बसत होते. त्यांनी त्या अंतरापुरता वेगळा चष्मा दिला. स्क्रीनकडे टक लावली की पापण्या निम्म्याहून कमी वेळा मिटतात आणि डोळे कोरडे पडतात, हेही त्यांनीच सांगितलं. वर माझा टेबलफॅन थेट तोंडावर. त्याचं तोंड आता पायांकडे केलंय.

चष्म्याच्या दुकानात ‘ब्लू कट’साठी, म्हणजे निळा प्रकाश अडवणाऱ्या काचेसाठी, सहाशे जास्त मागत होते. त्या माणसानं निळ्या लेझरचं पेन काढलं, साध्या काचेतून कागदावर ठिपका पाडला, मग त्यांच्या काचेतून ठिपका गायब करून दाखवला. ‘‘बघा वैनी!’’ बघितलं की. पण माझा मॉनिटर लेझर मारत नाही. २०२३ मध्ये कॉक्रेननं, म्हणजे वैद्यकीय संशोधन पारखून बघणाऱ्या संस्थेनं, १७ चाचण्या तपासल्या, तेव्हा अशा काचांनी डोळ्यांचा ताण कमी होतो असं काही दिसलं नव्हतं. सहाशे रुपये पर्समध्येच राहिले.

आणि ते वीस-वीस-वीस: दर वीस मिनिटांनी वीस सेकंद वीस फुटांवर बघायचं. आमच्या खोलीत वीस फूट कुठले? खिडकीतून समोरच्या माडीवरची पाण्याची टाकी बघते. ती कधी भरून वाहते हे आता त्यांच्याआधी मला कळतं.

म्हणजे चुरचुर गेली ती चष्म्यानं आणि पंखा वळवल्यानं. दिव्याचं श्रेय कागद वाचण्यापुरतं. तेही कमी नाही, म्हणून साडेतीन देणार होते.

पण सप्टेंबरात त्याचं टच बटण मेलं. आता पेटतो तो पांढराफटक आणि तसाच राहतो. वॉरंटी वर्षाची, बिल आहे. फोनवरचा मुलगा म्हणाला, ‘‘मॅडम, ओरिजिनल बॉक्समध्येच पाठवा, नाहीतर क्लेम बसत नाही.’’ बॉक्स लांबट, चांगला जाड पुठ्ठ्याचा. कोण टाकतं? गणपतीच्या आराशीच्या झुरमुळ्या मी आठवड्यापूर्वीच त्यात गुंडाळून माळ्यावर टाकल्या होत्या. चौथ्या फोनलाही तेच उत्तर आल्यावर स्टूल लावून बॉक्स खाली काढला, झुरमुळ्या पिशवीत कोंबल्या, दिवा कुरिअरला दिला. कुरिअरचे १४० रुपये माझेच.

आज बारा दिवस झाले. सध्या नवऱ्याचा कॉलेजातला टेबललॅम्प लावलाय. काचेवर चमकतो, पण खटका दाबला की काल होता तसाच लागतो. दिवा येईपर्यंत अडीच.