पर्यायी शब्द सुचवणारे साधन: आठ महिन्यांच्या वापरानंतरचा अनुभव

मी जळगाव जिल्ह्यातील रावेरचा असून केळी उत्पादकांसाठी माहितीपत्रके लिहितो. पिलांची कापणी, करपा रोग, थंडीतील काळजी हे विषय दरवर्षी तेच असल्याने, जुना मजकूर नव्या शब्दांत मांडून देणारे एक ऑनलाइन साधन मी आठ महिने वापरले.

पहिल्याच आठवड्यात ‘बागेतील पिले वेळेवर कापावीत’ या वाक्याचे त्याने ‘उद्यानातील शावके वेळेवर कापावीत’ असे रूपांतर केले. पिले म्हणजे बुंध्याशी फुटून मुख्य झाडाचे अन्न ओढणारे कोंब, हे यावल-रावेर पट्ट्यात कोणालाही सांगावे लागत नाही. ते वाक्य छपाईपूर्वी नजरेस पडले, हे सुदैवच.

अशी ठळक चूक पकडता येते. खरा धोका लिंगाचा आहे. ‘झाड वाकते’ याचे ‘वृक्ष वाकते’ झाले. ‘खोडाभोवतीची जागा मोकळी ठेवावी, ती तणाने भरू देऊ नये’ यात ‘जागा’ बदलून ‘ठिकाण’ आले आणि ‘मोकळी’ व ‘ती’ तसेच राहिले. मराठीत वेगळ्या लिंगाचे नाम आले की विशेषण, क्रियापद आणि पुढच्या वाक्यातील सर्वनामही बदलावे लागते. हे साधन मात्र बदललेल्या शब्दापलीकडे पाहत नाही.

दुसरी अडचण पुनरुक्ती टाळण्याच्या हट्टाची आहे. एका परिच्छेदात त्याने ‘घड’, ‘गुच्छ’ आणि ‘झुपका’ असे तीन शब्द वापरले. वाचणाऱ्याला त्या तीन वेगळ्या वस्तू वाटतील. शेतीच्या मजकुरात घडाला शेवटपर्यंत घडच म्हणावे, या मताचा मी आहे, मग कानाला ते कितीही एकसुरी वाटो.

तरीही मी त्याची वर्गणी चालू ठेवली आहे, कारण ‘करण्यात यावे’, ‘देण्यात यावे’ अशी कार्यालयी वळणे ते ‘करावे’, ‘द्यावे’ इतकी सुटसुटीत करते आणि चार ओळींचे वाक्य नेमक्या ठिकाणी तोडते. त्यातील ‘शब्द कायम ठेवा’ या सोयीत मी घड, फणी, पिले, खोडवा, निसवण, करपा असे केळीच्या शेतीतले सुमारे चाळीस शब्द भरून ठेवले आहेत. संपूर्ण पान एकदम देण्याऐवजी एकेक वाक्य देतो, मागचे-पुढचे वाक्य त्याला जोडून मोठ्याने वाचतो आणि मगच स्वीकारतो. पूर्वी दोन दिवस घेणारे पत्रक आता दीड दिवसात हातावेगळे होते.