दोन चंद्रांच्या जगातील हस्तलिखित: लिपी अस्सल, जुनेपणा उसना

काल्पनिक विश्वात रंगणाऱ्या रोल-प्लेइंग (प्रत्येक खेळाडू एका पात्राची भूमिका घेतो अशा) खेळांसाठी हाताने तयार केलेली 'प्राचीन' हस्तलिखिते हल्ली बरीच मिळतात, परंतु त्यांतील बहुतेकांत लिपीच्या नावाखाली वळणदार आकृत्यांची नुसती पखरण असते. बुडालेल्या एका बंदरनगरीतील भरती-ओहोटीच्या नोंदी ठेवणाऱ्या पुजाऱ्यांचा ग्रंथ म्हणून विकली जाणारी ही 96 पानांची प्रत गेले दोन महिने माझ्याकडे आहे. आमच्या गटाने तिच्यावर चार सत्रे खेळली आहेत, आणि इतक्या हाताळणीनंतर मी हे लिहीत आहे.

सर्वप्रथम लिपीविषयी, कारण या ग्रंथाचे खरे मोल तिथेच आहे. पहिल्या दहा पानांवरील वेगवेगळी चिन्हे मी मोजली, तेव्हा ती साठाच्या आसपास भरली. अज्ञात लिपीकडे पाहताना ही मोजणी फार महत्त्वाची असते: वीस-तीस चिन्हे असतील तर वर्णमाला (एका ध्वनीला एक चिन्ह), साठ-नव्वद असतील तर अक्षरमाला (व्यंजन आणि स्वर मिळून होणाऱ्या अक्षराला एक चिन्ह) आणि शेकड्यांनी असतील तर शब्दचिन्हे, असा ढोबळ अंदाज त्यावरून बांधता येतो. मायकेल व्हेन्ट्रिस यांनी 1952 मध्ये उलगडलेल्या, प्राचीन ग्रीसमधील लिनिअर बी लिपीत सुमारे 87 अक्षरचिन्हे आहेत, आणि या ग्रंथाची लिपी मोजणीत तिच्या जवळ जात असली तरी रचनेने देवनागरीच्या जातीची आहे. मूळ चिन्हाला काना-वेलांटीसारखी छोटी जोड लागून त्याचा स्वर बदलतो, हे तिसऱ्या सत्रात आमच्या खेळाडूंनी स्वतःहून ओळखले.

त्याहून मला भावले ते हे, की ही चिन्हे काढलेली नसून लिहिलेली आहेत. मोडी लिहिताना हात उचलावा लागू नये म्हणून अक्षरे जशी एकमेकांत वळतात, तशी येथील चिन्हेही घाईच्या ओळींत जोडली जातात, ओळीच्या शेवटी जागा अपुरी पडली की दाटीवाटीने बसतात, आणि एके ठिकाणी विसरलेला शब्द हंसपदासारखी खूण करून समासात लिहिलेला आहे. अमेरिकेतील येल विद्यापीठाच्या बायनेकी ग्रंथालयात असलेले व्हॉयनिच हस्तलिखित या संदर्भात आठवल्याशिवाय राहत नाही. कार्बन चाचणीनुसार त्याचे चर्मपत्र 1404 ते 1438 या काळातील आहे, आणि त्यातील मजकूर आजवर कोणालाही वाचता आलेला नाही. त्यात खाडाखोड अगदी क्वचित आढळते, ही त्याच्या अभ्यासकांना बुचकळ्यात टाकणारी गोष्ट आहे. प्रस्तुत ग्रंथाच्या कर्त्याने नेमका उलट मार्ग धरला, आणि माझ्या मते तो योग्यच होता. लेखनिकाची चूक दिसली की त्याचा हात दिसतो, आणि तो हात दिसला की ते जगही खरे वाटू लागते.

भरतीच्या कोष्टकांवर थोडे थांबायला हवे. या जगाला दोन चंद्र आहेत, एक 24 दिवसांत फेरी पूर्ण करणारा आणि दुसरा 36 दिवसांत. दोघे एका दिशेला आले की मोठे उधाण येते आणि त्या दिवसाच्या चिन्हावर लाल ठिपका दिला जातो. हा ठिपका दर 72 दिवसांनी पडलेला आहे, जे गणिताने बरोबर येते. त्याच्या मध्यावर, 36 व्या दिवशी, अर्धा ठिपका पाहून ती मला प्रथम चूक वाटली. नंतर ध्यानात आले की त्या दिवशी दोन्ही चंद्र परस्परांच्या विरुद्ध बाजूंना असतात, आणि पृथ्वीवर उधाण जसे अमावास्येला येते तसे पौर्णिमेलाही येते. 18 व्या आणि 54 व्या दिवसांपुढे भांगाच्या, म्हणजे सर्वांत कमी चढणाऱ्या, भरतीचे रिकामे वर्तुळ आहे. इतकी काळजी घेणाऱ्या कर्त्याबद्दल मला मनापासून आदर वाटतो.

कागदाच्या बाबतीत मात्र ही काळजी दिसत नाही. जुनेपणाचा आभास देण्यासाठी प्रत्येक पान सारख्याच तपकिरी छटेत रंगवलेले आहे. वापरातले हस्तलिखित असे कधीच एकसारखे मळत नाही: पान उलटताना बोट लागते तो खालचा कोपरा काळवंडतो, पहिली आणि शेवटची पाने अधिक झिजतात, आणि आतली पाने तुलनेने उजळ राहतात. शाईचेही तसेच. ग्रंथात ती सर्वत्र एकसारखी फिकट तपकिरी आहे. ओकच्या गाठी आणि हिराकस यांपासून केलेली खरी जुनी शाई जिथे लेखणी नुकतीच बुडवली तिथे गडद असते, पुढे फिकट होत जाते, आणि काही ठिकाणी तर ती पान खाऊन टाकते. लिपीवर एवढे कष्ट घेतल्यावर ही उणीव अधिकच खटकते.

बांधणी जुजबंदीची, म्हणजे घडी घातलेल्या पानांचे गठ्ठे शिवून केलेली, आणि पक्की आहे. घडीचा मोठा नकाशा तेवढा दोन्ही हातांनी, टेबलावर सपाट ठेवूनच उघडावा. आमच्या प्रतीत त्याची घडी दुसऱ्याच सत्रात फाटू लागली.

एक तक्रार निर्मात्यांनी गांभीर्याने घ्यावी. संपूर्ण लिपीची किल्ली आणि सर्व मजकुराचे भाषांतर असलेली पुस्तिका त्याच पेटीत, ग्रंथाच्या वरच ठेवलेली असते, म्हणजे पेटी उघडणाऱ्याच्या हाती आधी उत्तर पडते आणि मग कोडे. ती वेगळ्या मोहोरबंद पाकिटात द्यायला हवी होती. ज्यांना केवळ शोभेची वस्तू हवी आहे त्यांना याने फरक पडणार नाही, पण ज्यांचा गट सत्रामागून सत्र एखाद्या चिन्हाशी झटायला तयार आहे, त्यांच्यासाठी खेळ चालवणाऱ्याने पेटी एकट्याने उघडावी आणि पुस्तिका बाजूला काढावी. आमच्या गटाला मी ती अजून दाखवलेली नाही.